मागच्या चाकाचा आवाज

काल संध्याकाळी सौंसरच्या रेल्वे फाटकावर मोटर थांबली नाही. म्हणजे थांबली, पण तिच्या मर्जीनं, माझ्या नाही. फाटक पडलेलं होतं, छोट्या लाईनची गाडी छिंदवाड्याकडून यायची होती, फाटकवाला विडी ओढत बसला होता, आणि मी नेहमीसारखा लांबूनच ब्रेकवर पाय ठेवला. पॅडल पायाला घट्ट लागलं. त्यात काही खोट नव्हती. पण मोटर आपली पुढे जातच राहिली. मी सगळं अंग पायावर टाकलं, हातब्रेक ओढला, आणि पुढचा बंपर फाटकाच्या दांड्याला जाऊन टेकला तेव्हा कुठे ती उभी राहिली. दांड्यावरचा कंदील डुलला. फाटकवाला हसला. मागून आई म्हणाली, "हळू रे मोरेश्वर." तिच्याशेजारी माझी बहीण उर्मिला होती. माझ्या बाजूला बाबा होते. त्यांनी टोपी सारखी केली, फाटकवाल्याकडे पाहून ओळखीचं हसून मान हलवली, जणू आम्ही त्याची खुशाली विचारायलाच इतके जवळ आलो होतो. मग रेल्वे गेली, तिचे डबे माझ्या डोळ्यांसमोरून सरकत राहिले. "काही नाही झालं," बाबा म्हणाले. हे तीन शब्द ऐकले आणि माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. ती अजून उतरलेली नाही.

काल भाऊबीज होती. आईला मामांना ओवाळायचं होतं म्हणून आम्ही रामाकोन्याला गेलो होतो आणि परत येत होतो. घरी आल्यावर बाबांनी कोट खुंटीला लावता लावता सांगून टाकलं, सकाळी ब्रेक पाहून घे, दुपारी उर्मीला छिंदवाड्याला पोचवायचं आहे. उर्मीला पोचवायचं आहे. पोतं पोचवावं तसं. माझी बहीण दिवाळीला माहेरी आली, तिनं आईजवळ पहिल्याच दिवशी सांगितलं की मला परत पाठवू नका, आई ते बाबांजवळ बोलली, आणि बाबांनी ऐकून घेतलं आणि पान लावायला घेतलं. माझी भाऊबीज सकाळीच झाली होती. पाटावर बसलो, उर्मिला तबक घेऊन समोर आली, आणि ओवाळताना तिच्या डाव्या हाताची करंगळी मला दिसली. ती आडवी जुळली होती. मोडलेलं बोट कोणी बांधलं नाही की ते तसंच मनाला येईल तिकडं जुळतं. मी तिला विचारलं, तिनं आईकडे पाहिलं, आईनं बाबांकडे पाहिलं, आणि बाबा म्हणाले, दारात बोट सापडलं असेल. मी ओवाळणी घातली. निरांजनाची ज्योत अजून माझ्या तोंडासमोरून फिरत होती आणि मला समोरचं काही दिसत नव्हतं.

तर आता सकाळ आहे आणि मी अंगणात मोटरीखाली डोकं घालून बसलो आहे. पुढच्या दोन्ही चाकांना दगड लावले, हातब्रेक मोकळा सोडला, मागच्या डाव्या चाकाचे नट आधी ढिले करून मग जॅक लावला. हे काम मला येतं. नागपूरला सचिवालयात कारकुनी करतो, पण ज्या खोलीत राहतो तिच्या खालीच मोटर दुरुस्तीचं गॅरेज आहे आणि रविवारी मी तिथेच पडलेला असतो. आमची मोटर बाबांनी मँगनीजच्या खाणीवरच्या एका साहेबाकडून तो विलायतेला परत जाताना घेतली. सौंसरच्या वकिलाला मोटर कशाला लागते हे मला आजवर कळलं नाही. कोर्ट घरापासून पायी चालण्याच्या वाटेवर. पण उर्मीचं लग्न छिंदवाड्याला ठरलं आणि मोटर आली. पोरगी रेल्वेनं सासरी जाणार नाही, मोटरीनं जाईल, असं बाबा तेव्हा चार लोकांत म्हणाले होते. तेव्हापासून ती मोटरीनंच जाते. दिवाळीला येते, मोटरीनं परत जाते. गणपती-महालक्ष्म्यांना येते, मोटरीनं परत जाते. तिचं काय झालं हे कोणी विचारत नाही, ती कशानं गेली हे सगळी गल्ली पाहते.

आणि या मोटरीचे ब्रेक मी दुरुस्त करतो आहे. ब्रेक नीट झाले की उर्मी जाईल. हे माझ्या डोक्यात पान्याच्या प्रत्येक आट्याला येत होतं. न करावेत, तर बाबा तसेच निघतील, स्वतः चालवतील, काही नाही झालं म्हणत घाट चढतील आणि उतरतील. करावेत, तर माझ्याच हातानं मी तिला त्या दारात नेऊन उभी करीन. असल्या पेचात मला घालून बाबा ओट्यावर वर्तमानपत्र वाचत बसले होते. वर्तमानपत्रात नवं राज्य होतं. एक तारखेपासून आम्ही नव्या मध्यप्रदेशात आहोत आणि नागपूर मुंबई राज्यात गेलं आहे. सावनेरच्या अलीकडे कुठेतरी एक रेघ पडली आहे. मामा रामाकोन्याचे, मावशी पांढुर्ण्याची, माझी नोकरी नागपूरची, आणि मला भोपाळला घालणार की मुंबईला हे अजून कोणी सांगत नाही. गेल्या वर्षी इथल्या काही लोकांनी मराठी मुलूख एकत्र राहावा म्हणून अर्ज करायचं ठरवलं, तेव्हा ते बाबांकडे आले. बाबांनी त्यांना चहा पाजला, अर्जाची भाषा सौम्य करून दिली, मग आणखी सौम्य करून दिली, आणि शेवटी म्हणाले, कशाला उगीच गोंगाट, सरकार कोणतंही आलं तरी कोर्ट इथेच राहणार आहे. लोक चहा पिऊन गेले. अर्जाचं पुढं काय झालं मला माहीत नाही. मला त्यांच्या त्या आवाजाचा राग आहे. बाबांचा आवाज कधी चढत नाही. लहानपणी मी पडलो, गुडघा फुटला, मी भोकाड पसरलं की ते मला उचलत नसत, शेजारी बसत आणि हळू आवाजात म्हणत, लोक पाहून राहिले. मी गप्प होत असे. रक्त वाहतच असे.

चाक काढलं. ब्रेकवर झाकणासारखा बसणारा ड्रम अडकून बसला होता, त्याला लाकडाच्या ठोकळ्यानं चारी बाजूंनी ठोकलं तेव्हा तो सुटून हातात आला. आणि मी आत पाहत राहिलो. ब्रेकचे पट्टे झिजून त्यांना धरणाऱ्या रिबिटांची डोकी वर आली होती, ते मला अपेक्षितच होतं. गणपतीत आलो होतो तेव्हा ही मोटर ब्रेक दाबला की अशी किंचाळायची की कुत्री पळत. रिबिटांचं पितळ ड्रमच्या लोखंडाला घासत होतं, दुसरं काय. मी तेव्हाच बाबांना सांगितलं होतं की पट्टे संपले, आणि दिवाळीला येताना नागपूरहून नवे पट्टे आणि रिबिटं घेऊनही आलो होतो. पण दिवाळीच्या दुपारी मोटर काढली तर ती गप्प. बाबा खूष होऊन म्हणाले होते, आपसूकच बसला आवाज, मी म्हटलं नव्हतं? त्या गडबडीत पट्टे पिशवीतच राहिले. आता ड्रम उघडल्यावर कळलं आवाज कसा बसला ते. पट्टे काळे, ओले, चिकट. ड्रमच्या आतल्या अंगाला तेलाचा जाड थर. आधी वाटलं मागच्या धुरीतलं, ॲक्सलमधलं, तेल गळलं असेल. बोट लावून वास घेतला. धुरीच्या तेलाला जळकट घाण येते. हा वास तो नव्हता. हा वास मला फार चांगला ठाऊक होता. लहानपणी आई रविवारी पहाटे मला मांडीवर आडवा घेऊन, नाक दाबून, चमच्यानं घशात ओतायची तो वास. एरंडेल.

एरंडेल तेल ब्रेकला. मी तसाच मातीत बसून राहिलो. आमच्याकडे शेतावरून बैलबंडी येते, तिच्या आसाला वंगण म्हणून एरंडेल लागतं, गाडीवान नत्थूजी बंडीखाली बांबूचा नळा बांधून ठेवतो आणि चाक कुरकुरलं की त्यातलं तेल आसाला घालतो. दिवाळीच्या आधी तर घरातल्या सगळ्या बंड्यांना वंगण होतंच. कोणीतरी तोच नळा घेऊन मोटरीजवळ आलं, चाकामागच्या फटीतून आत ओतत राहिलं, आणि चाक गप्प झालं. चाक गप्प झालं आणि काल ते फाटकावर थांबलं नाही. पुढचे एकटे ब्रेक एवढी जड मोटर आवरणार किती? काल आई होती मोटरीत. उर्मिला होती. त्या फाटकाऐवजी आज संध्याकाळी घाटातली उतरण असती तर? उर्मीला सोडून मी आणि बाबा रिकामी मोटर घेऊन खाली येत असतो, मी लांबूनच पाय ठेवला असता, पॅडल घट्ट लागलं असतं.

नत्थूजी गोठ्याजवळ कडबा तोडत होता. त्याला विचारलं. तो म्हणाला, मोटरले कोण वंगण देते जी, मी तर तिले हात बी नाही लावत. आणि तो खरं बोलत होता, कारण त्याला मोटरीची भीती वाटते. मग उरलं कोण? मला विचार करावा लागला नाही. ओट्यावर बसलेला माणूस होता तो. कोणत्याही गोष्टीचं काय बिघडलं हे न पाहता तिचा आवाज तेवढा बंद करणारा एकच माणूस मला माहीत होता. मी तेलानं माखलेला पट्टा तसाच हातात घेऊन ओट्यापाशी गेलो आणि त्यांच्या वर्तमानपत्रासमोर धरला. विचारलं, हे कोणी केलं? त्यांनी चष्म्यावरून पाहिलं. थेंब वर्तमानपत्रावर पडेल म्हणून त्यांनी ते बाजूला घेतलं.

"आवाज तर बंद झाला होता न," ते म्हणाले. "मग कायले डोक्यात राख घालून राहिला?"

म्हणजे यांनीच. मी पुढं विचारलंच नाही. परत येऊन बसलो आणि दुसरं चाक काढायला घेतलं. हात पिसाळल्यासारखे चालत होते, पाना दोनदा निसटला, बोटाची साल निघाली. मला पांढुर्ण्याची गोटमार आठवत होती. मी लहान होतो, पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मावशीकडे गेलो होतो, जाम नदीच्या या काठावर पांढुर्ण्याचे लोक, त्या काठावर सावरगावचे, मध्ये पात्रात रोवलेला पळसाचा झेंडा, आणि दोन्हीकडून दगड. बाबांचे चुलतभाऊ यशवंतराव आमच्या पुढेच उभे होते. ते एकाएकी खाली बसले. त्यांनी डोळ्यावर धरलेल्या हाताच्या बोटांतून रक्त येत होतं. तो डोळा गेला. दगड कोणी मारला हे सगळ्यांना माहीत होतं, तो सावरगावचा माणूस दुसऱ्या दिवशी स्वतःच भेटायला आला, यशवंतरावांच्या पायाशी बसला, चहा प्याला, दोघं शेतीचं बोलले. मी बाबांना विचारलं होतं, तुम्ही वकील आहात, तुम्ही त्याच्यावर फिर्याद का करत नाही? तेव्हा त्यांनी मला समजावून सांगितलं होतं की गोटमारीच्या गोट्याची फिर्याद कोणी करत नाही, तो रिवाजाचा मार आहे, त्यात मारणारा नसतो आणि मार खाणाराही नसतो. मला ते फार थोर वाटलं होतं. शाळेत मी ते पोरांना सांगितलं होतं. आणि काल जेवताना मी उर्मीच्या बोटाबद्दल पुन्हा बोललो तेव्हा त्यांनी भात कालवता कालवता, त्याच हळू आवाजात, तेच काढलं. म्हणाले, घरोघर हेच आहे, लागतं, जुळतं, त्याची काय फिर्याद करतो? उर्मिला वाढत होती. तिच्या हातात तुपाचं भांडं होतं. मी तुम्हाला विचारतो, मी म्हणालो, नदीवर जाणारा आपल्या पायानं जातो, हिला कोणी विचारलं होतं? बाबा म्हणाले, तूप वाढ. तिनं तूप वाढलं. मला त्या तुपासकट ताट भिंतीवर फेकावंसं वाटलं होतं, आणि मी जेवलो होतो.

दुसऱ्या ड्रममध्येही तेच. तितकंच तेल. नीट, दोन्ही चाकांना सारखं, पक्षपात न करता. मी दोन्हीकडच्या स्प्रिंगा काढल्या, पट्टे ज्यांवर बसतात ते लोखंडी शू खाली उतरवले, जुनी रिबिटं छिन्नीनं तोडली. पट्टे फेकण्याच्याच लायकीचे होते, एकदा तेल प्यालं की ते पुन्हा धरत नाहीत. ड्रम पेट्रोलनं धुतले, फडक्यानं पुसले, पुन्हा धुतले, तरी वास जाईना. नवा पट्टा शूवर बसवायचा तर खाली काहीतरी जड लोखंड हवं. आईनं स्वयंपाकघरातून लोखंडी खल आणून दिला, मी तो उपडा ठेवला आणि मधल्या भोकापासून रिबिटं ठोकायला सुरुवात केली. मधून बाहेर ठोकत जायचं, नाहीतर पट्टा फुगतो. ठण ठण आवाज गल्लीभर गेला. मला बरं वाटलं. गरज होती त्याहून जोरात ठोकलं मी. थोड्या वेळानं बाबा आले, माझ्यामागे उभे राहिले, त्यांच्या धोतराचा काठ मला दिसला. "हळू ठोक," ते म्हणाले, "केशवराव जरा पडले असतीन." केशवराव म्हणजे समोरच्या घरातले हेडमास्तर. मी मान वर केली नाही. पुढचं रिबिट घेतलं आणि तेही तसंच ठोकलं. धोतराचा काठ काही वेळ तिथं राहिला आणि गेला.

ऊन अंगणाच्या मध्यावर आलं तेव्हा उर्मिला चहा घेऊन आली. नवे पट्टे ठोकलेले शू मी बसवून घेतले होते, स्प्रिंगा ओढून लावत होतो. ती खांबाला टेकून उभी राहिली. ती जायच्या लुगड्यात होती. मी चहा घेतला आणि माझं तोंड सुटलं. म्हणालो, तुला माहीत आहे का बाबांनी काय केलं? ब्रेकला तेल घातलं. एवढा शिकलेला माणूस, कायद्याची कलमं पाठ, आणि मोटर ओरडते म्हणून तिच्या ब्रेकला एरंडेल पाजलं. काल आपण मेलो असतो. तुला, आईला, सगळ्यांना मारलं असतं त्या माणसानं, फक्त गल्लीत आवाज होऊ नये म्हणून. तो तुझंही तेच करतो आहे. मी बोलत होतो आणि स्प्रिंग हुकात बसत नव्हती. उर्मिला ऐकत होती. तिनं कप माझ्या हातातून घेतला, तो खाली ठेवला. ठेवताना कपाखाली तिनं आपलं बोट धरलं होतं, म्हणून तो फरशीला लागला तरी वाजला नाही.

"बाबायनं नाही टाकलं, दादा," ती म्हणाली. "तेल मी टाकलं."

मला समजलं नाही. मी म्हणालो, कशात?

"चाकाईत. नत्थूजीच्या नळ्यातलं. तुम्ही सारे आंघोळीच्या घाईत होते तवा." ती खाली पाहत बोलत होती. "मले का माहीत, त्यानं ब्रेक लागत नाही म्हणून. बंडीले देतेत, मले वाटलं मोटरले बी चालते."

"पण कायले, उर्मी?"

"ओरडत होती न. गणपतीनंतर बाबा मले पोचवाले आले तवा तिथं दारापुढं अशी ओरडली, का लोकं बाहेर आले. सासूबाई म्हणे, बाप बी बोंबलत येते अन् पोरगी बी. मंग बाबा परत गेल्यावर मले ते भोगा लागलं." ती थांबली. मग एखादी रीत सांगावी तसं सांगू लागली, फार सरळ आवाजात. "तिथं आवाज झालेला चालत नाही. विहिरीच्या चाकाले मीच तेल देतो. दाराच्या बिजागऱ्याईले देतो. भांडे एकावर एक ठेवतो तर मधात फडकं घालतो. जिन्याची एक पायरी वाजते, तिच्यावर मी पायच नाही ठेवत. एक दिवस पहाटे बांगड्या वाजल्या पाणी काढताना. मालकाईची झोप मोडली. मंग त्याईनं माहा हात दाराच्या चौकटीत धरला अन् दार लावलं." ती आपल्या करंगळीकडे पाहतही नव्हती. "दार नाही वाजलं. मीच तेल दिलं होतं त्याले."

मला तिचाही राग आला, हे सांगून टाकतो. क्षणभर तिच्या त्या शहाण्या, शांत आवाजाचा इतका राग आला की हातातला पाना आपटावासा वाटला. हा आवाज बाबांचा होता. तो त्यांनी तिला दिला होता आणि त्या घरानं त्याला धार लावली होती. मग राग जिथला तिथंच राहिला, त्याला जायला जागा उरली नाही. सकाळपासून मी ओट्यावरच्या माणसाला मनातल्या मनात फासावर चढवत होतो, आणि नळा घेऊन चाकाशी वाकलेली माझी बहीण होती, दिवाळीच्या दिवशी, माहेरच्या अंगणात, सासरच्या दारात आवाज होऊ नये म्हणून. ती जाण्याची तयारी तेव्हापासून करत होती. मी तिला विचारलं, तू आईला तर सांगितलंस ना, की परत पाठवू नका म्हणून? ती म्हणाली, हो, सांगतलं. एकदा सांगतलं. मग तिनं कप उचलला आणि आत गेली.

मी चाकं चढवली. ब्रेक आवळायचा आटा चाकाच्या पाठीमागून फिरवत नेला, चाक हातानं फिरवून पाहत राहिलो, पट्टा किंचित लागेपर्यंत, मग जरा मागे घेतला. मोटर काढून गल्लीच्या टोकापर्यंत नेली आणि तिथं एकदम ब्रेक दाबला. चारही चाकं जागच्या जागी धरली. मी स्टिअरिंगवर पुढे आदळलो. पुन्हा करून पाहिलं. पुन्हा धरली. चोख काम झालं होतं. परत येऊन मोटर दारासमोर उभी केली तेव्हा बाबा काळा कोट घालून तयार होते आणि नत्थूजीनं उर्मीची ट्रंक आणून मागच्या सीटवर ठेवली. आई उंबऱ्यात हळदीकुंकू घेऊन उभी होती. बाबांनी मला विचारलं, थांबते? मी म्हणालो, थांबते. ते म्हणाले, मग उशीर कायले, घाट उजेडात चढून जाऊ. आणि ते पुढचं दार उघडून बसायला वाकले.

"तिचं बोट जवायानं दारात घालून मोडलं," मी म्हणालो. "बांगड्या वाजल्या म्हणून. तुम्हाले माहीत होतं का?"

ते वाकलेले तसेच राहिले. मग सरळ झाले. "आवाज," ते म्हणाले. एवढंच.

नाही करत कमी, मी म्हणालो, आणि मी ओरडायला लागलो. माझा स्वतःचा आवाज मला ओळखू येत नव्हता. काय काय बोललो ते सगळं मला नीट सांगता यायचं नाही. दाराबद्दल बोललो, बोटाबद्दल बोललो, विहिरीच्या चाकाबद्दल, जिन्याच्या पायरीबद्दल, तिनं मला सांगितलेलं सगळं मी त्या गल्लीत उघड्यावर मांडलं. छिंदवाड्याच्या त्या घराचं नाव घेतलं, त्या माणसाचं नाव घेतलं. समोरचं दार उघडलं, केशवराव ओट्यावर आले. बाजूच्या घराच्या खिडकीत बायका दिसल्या. नत्थूजी बैलांपाशी जाऊन उभा राहिला. बाबांच्या चेहऱ्यावर काल फाटकवाल्यासाठी आलं होतं तसलं ओळखीचं हसू आलं, त्यांनी केशवरावांकडे पाहून म्हटलं, ब्रेकचं काम होतं जी सकाळपासून, उन्हात पोराचं डोकं तापलं. केशवरावांनी नमस्कार केला नाही. ते माझ्याकडेही पाहत नव्हते. ते आमच्या दारात पाहत होते, तिथं उर्मिला येऊन उभी राहिली होती.

बाबांनीही तिला पाहिलं आणि त्यांना हायसं वाटलं, हे मला स्पष्ट दिसलं. कोर्टात आपला साक्षीदार आला की त्यांचे खांदे असेच खाली येतात. ते तिला म्हणाले, आणि त्यांचा आवाज अजूनही चढलेला नव्हता, "उर्मिला, तूच सांग याले. तुले तुह्या घरी जाणं आहे का नाही? सांग, अन् बस मोटरीत."

उर्मिला पायऱ्या उतरून खाली आली. ती मोटरीपाशी गेली, मागचं दार तिनं उघडलं, आणि मला वाटलं ती बसते आहे. ती आत वाकली. तिनं ट्रंकेची कडी धरली आणि ट्रंक बाहेर खेचली. ती सीटवरून निसटून फरशीवर आपटली तेव्हा आईच्या हातातलं तबक हललं. मी पुढं झालो, हात घातला. "सोड, दादा," ती म्हणाली, आणि माझा हात तिनं बाजूला केला. मग ती मागे मागे चालत ट्रंक ओढू लागली. पत्र्याचा तळ दगडी फरशीवर असा किंचाळला की दात शिवशिवले. अंगणभर किंचाळत गेला तो, पायऱ्यांवर आदळला, एकेका पायरीवर थांबून पुन्हा आदळला. बाबा म्हणाले, उचल, उर्मिला, उचलून ने. ती थांबली नाही. उंबऱ्यावरून ट्रंक आत गेली आणि ओसरीतून, माजघरातून, मागच्या खोलीपर्यंत तिचा आवाज येत राहिला. गल्लीतलं कोणी आत गेलं नाही. ट्रंकेत तिची चार लुगडी होती, बाकी काही नव्हतं. तिला ती एका हातानं उचलता आली असती.